मूकपटातल्या नटीची कारकीर्द कशी शोधावी

३६ वर्षं मी एका दैनिकात मुद्रितशोधक होते. 'सुलोचना'चं 'सुलोचन' होऊन छापलं गेलं, तर दुसऱ्या दिवशी बोलणी मला बसायची. निवृत्त झाले, पण डोळ्यांची सवय काही जाईना, म्हणून जुन्या वर्तमानपत्रांतल्या सिनेमाच्या जाहिराती वाचायला लागले आणि त्यातून मूकपटांतल्या नट्यांचा नाद लागला. आता ओळखीपाळखीचे फोन करतात, "अमक्या नटीची माहिती काढायची आहे, सुरुवात कुठून करू?" तेच तेच सांगून घसा बसला, म्हणून एकदाचं लिहून टाकतेय.

आधी एक मनाशी पक्कं करा. तिचा सिनेमा बहुतेक बघायला मिळणार नाही. आपल्याकडे साधारण १,३०० मूकपट झाले. त्यातले पूर्ण किंवा तुकड्यांत उरलेले ३० सुद्धा नाहीत. ती फिल्म नायट्रेटची असायची, चटकन पेट घ्यायची, पेटली नाही तर डब्यात पडून तिची भुकटी व्हायची. त्यातूनही जी वाचली, ती कित्येकांनी आतली चांदी काढायला विकून टाकली. त्यामुळे नटीची कारकीर्द गोळा करायची ती कागदावरून. जाहिराती, हँडबिलं, सेन्सॉरच्या नोंदी, कथासाराच्या चोपड्या.

वही

कॉम्प्युटरवर करा किंवा कागदावर, पण रकाने आखल्याशिवाय सुरुवात करू नका. मी लांबोडकी हिशोबाची वही घेतली. रकाने असे: तारीख, गाव आणि थिएटर, चित्रपटाचं नाव, कंपनी, नटीचं नाव, भूमिका, कुठे सापडलं. चित्रपटाचं आणि नटीचं नाव छापलंय तसंच उतरवायचं. चूक दिसली तरी सुधारायची नाही. माझ्यासारखीला याचा फार त्रास झाला, हात शिवशिवायचे. पण 'झुबेदा', 'झुबैदा', 'जुबेदा' ही तीन रूपं मी पहिल्याच दिवशी एक करून टाकली असती, तर कुठल्या पत्रात कुठलं रूप येतं हे कधी कळलंच नसतं. पुढे शोध घेताना तीच रूपं उपयोगी पडतात.

नंतर मी आठवा रकाना वाढवला, 'पडद्यामागे'. फातमा बेगम ही नुसती नटी धरली तर तिची अर्धी कारकीर्द वहीत येतच नाही. १९२२ च्या 'वीर अभिमन्यू'त ती होती, पण १९२६ साली तिने स्वतःची कंपनी काढून 'बुलबुल-ए-परिस्तान' दिग्दर्शित केला. आपल्याकडची ती पहिली स्त्री दिग्दर्शक. गोहरने १९२९ साली चंदुलाल शहांबरोबर रणजित ही चित्रपट कंपनी उभी केली. ललिता पवारांनी १९३२ च्या 'कैलाश'च्या निर्मितीत हात घातला. या गोष्टी भूमिकांच्या यादीत मावत नाहीत.

नावाचा गुंता

सगळ्यात जास्त वेळ इथे द्या. मी दिला नाही आणि तोंडघशी पडले.

एका दिवाळी अंकासाठी मी गोहरवर लेख लिहिला. रणजितची गोहर, 'गुणसुंदरी'ची गोहर. १९१९ च्या 'बिल्वमंगल'च्या नटवर्गात 'मिस गोहर' असं मला सापडलं होतं, तेव्हा तिथूनच तिची कारकीर्द सुरू केली. अंक निघाला आणि आठवड्याभरात एका वाचकाचं पोस्टकार्ड आलं. अक्षर थरथरतं, पण मजकूर खणखणीत: "बाई, आपली गोहर १९१० सालची. नऊ वर्षांच्या पोरीला आपण बिल्वमंगलच्या गोष्टीत नायिका केलंत, धन्य आहे!" बिल्वमंगल म्हणजे चिंतामणी गणिकेच्या नादी लागलेल्या माणसाची गोष्ट. मी कपाळावर हात मारून घेतला. १९१९ ची कलकत्त्याची मिस गोहर वेगळी आणि १९२६ साली मुंबईत पडद्यावर आलेली गोहर मामाजीवाला वेगळी. त्यात ग्रामोफोनवाली गायिका गौहर जान तिसरीच.

तेव्हापासून माझा नियम आहे. प्रत्येक चित्रपटापुढे वर्षातून जन्मसाल वजा करायचं आणि उत्तर पेन्सिलीने समासात लिहायचं. नऊ, अकरा असं काही आलं की थांबायचं. बालकलाकार असेल तर ठीक. फाळक्यांची मुलगी मंदाकिनी १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये कृष्ण झाली होती, तिथे लहान आकडा बरोबरच आहे. नायिकेपुढे तो आला तर दोन बायका एका नावात शिरल्या आहेत असं समजा.

नावं बदलायचीही रीत होती. पडद्यावर काम करणं घरंदाज बायकांना कमीपणाचं वाटायचं, म्हणून पहिल्या नट्या रंगभूमीवरून, गाणाऱ्या घराण्यांतून, ज्यू आणि अँग्लो-इंडियन घरांतून आल्या. कंपन्या त्यांना हिंदू नावं द्यायच्या. रेनी स्मिथची सीतादेवी झाली, एफी हिपोलेटची इंदिरादेवी, बेरिल क्लासेनची माधुरी. पुण्यात १९०७ साली ज्यू घरात जन्मलेली रुबी मायर्स टेलिफोन ऑपरेटर होती. कोहिनूर कंपनीच्या मोहन भवनानींनी तिला सिनेमात आणलं आणि ती सुलोचना झाली. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांच्या 'सैरंध्री'त काम करणाऱ्या गुलाबबाई आणि अनसूयाबाई या कमलादेवी आणि सुशीलादेवी झाल्या.

आता या कमलादेवी आणि १९१३ च्या 'मोहिनी भस्मासुर'मधल्या कमलाबाई यांची गल्लत करू नका. त्या कमलाबाई म्हणजे माहेरच्या कामत, नंतरच्या गोखले. चंद्रकांत गोखल्यांच्या आई, विक्रम गोखल्यांच्या आजी. त्याच चित्रपटात त्यांच्या आई दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या होत्या आणि कमलाबाई मोहिनी. म्हणून वहीच्या मागच्या पानावर एक नावकोश ठेवा. माहेरचं नाव, सासरचं नाव, पडद्यावरचं नाव, आणि 'ही ती नव्हे' असा एक रकाना. माझ्या वहीत सुलोचनेपुढे लिहिलंय, 'ही ती नव्हे: सुलोचना लाटकर, आपली सोशिक आई'. हसू नका. एका ग्रंथालयाच्या कार्डांच्या पेटीत दोघींची कात्रणं एकाच कार्डावर नोंदलेली मी पाहिली आहेत.

चित्रपटांनाही दोन दोन नावं असायची, एक इंग्रजी आणि एक देशी. 'टायपिस्ट गर्ल' (१९२६) आणि 'व्हाय आय बिकेम अ ख्रिश्चन' हा एकच चित्रपट. त्यात सुलोचना आणि गोहर दोघी होत्या. 'बाप कमाई' आणि 'फॉर्च्यून अँड द फूल्स' हाही एकच. दोन्ही नावं मोजलीत तर नटीच्या खात्यावर नसलेले सिनेमे चढतात. उलटही होतं. 'अनारकली' म्हटलं तर १९२८ मध्ये इंपीरियलने सुलोचनेला घेऊन काढलेला. त्याच वर्षी त्याच गोष्टीवर सीतादेवीला घेऊन ग्रेट ईस्टर्नने 'द लव्ह्ज ऑफ अ मुघल प्रिन्स' केला होता. इंपीरियलने घाई करून आपला आधी पडद्यावर आणला. म्हणून त्या वर्षातली नोंद करताना कंपनीचं नाव मिळाल्याशिवाय नटीचं नाव भरू नका.

शनिवारचा अंक

वर्तमानपत्रांचे खंड किंवा मायक्रोफिल्म समोर आली की नवा माणूस पहिल्या पानापासून वाचत सुटतो आणि दुपारपर्यंत थकतो. मीही तसंच केलं. मग काही तारखा पंचांगाशी ताडून पाहिल्या. 'राजा हरिश्चंद्र' गिरगावात कोरोनेशनला लागला ३ मे १९१३ ला. 'सैरंध्री' पुण्यात आर्यनला लागला ७ फेब्रुवारी १९२० ला. 'आलम आरा' मॅजेस्टिकला लागला १४ मार्च १९३१ ला. तिन्ही शनिवार! तेव्हापासून मी आधी शनिवारचा अंक काढते. त्यात नव्या चित्रपटाची मोठी जाहिरात मिळते. मग पुढचा शनिवार. तोच चित्रपट तिथेच असेल तर 'दुसरा आठवडा' असं छापलेलं असतं. ५२ अंकांत एक वर्ष हातावेगळं होतं. मधले वार नंतर, गरज पडली तर.

जाहिरात कशी वाचायची तेही सांगते. नाव आहे की नाही एवढंच बघू नका, ते कुठे आणि किती मोठ्या टाइपात आहे ते बघा. मी पट्टी लावून मोजते. सुरुवातीच्या काळात वर कंपनीचं नाव असायचं, खाली चित्रपटाचं, आणि नटी असली तर कोपऱ्यात. हळूहळू तिचं नाव चित्रपटाच्या वर सरकतं. टाइप वाढतो. मग एखाद्या जाहिरातीत चित्रपटाचं नाव लहान आणि तिचं मोठं दिसतं. हा चढ तारखेसकट मिळाला की कारकीर्दीचा आलेख कुणाच्या आठवणीवर विसंबून न राहता तुमच्या हातात येतो. उतारही तसाच दिसतो, आणि तो मोजताना जरा जड जातं.

कंपनीच्या नावाकडे विशेष लक्ष द्या. त्या काळी नट-नट्या कंपनीत महिन्याच्या पगारावर असायच्या. आज जसं एकेका चित्रपटाचं बोलतात तसं नव्हतं. त्यामुळे जाहिरातीत कंपनी बदलली म्हणजे नोकरी बदलली. सुलोचनेच्या पानावर कोहिनूर संपून इंपीरियल सुरू होतं, तिथे मी लाल रेघ मारली आहे. कोहिनूरमध्ये तिचा 'वीर बाला' १९२५ चा, आणि १९२७ चा 'वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे' इंपीरियलचा. या दुसऱ्यात तिने आठ सोंगं केली, माळी, पोलीस, हैदराबादी गृहस्थ, रस्त्यावरचं पोर, गोरी मड्डम वगैरे. नटीला कंपनी काय समजत होती ते असल्या नोंदीतून उमजतं.

गुजराती वाचायला शिका. मुंबईच्या मूकपटांचा धंदा बराचसा गुजराती आणि पारशी मंडळींच्या हातात होता, त्यामुळे चोपड्या आणि साप्ताहिकं गुजरातीत भरपूर. शिरोरेघ नाही म्हणून मराठी माणूस बिचकतो. खरं तर अ, इ, ख, च, ज, झ, फ, ब अशी थोडकी अक्षरं वेगळी आहेत, बाकी ओळखीची निघतात. मला पंधरा दिवस लागले. गुजराती दुकानांच्या पाट्या वाचत वाचत शिकले.

जायचं कुठे? पुण्यात लॉ कॉलेज रोडवर राष्ट्रीय फिल्म संग्रहालय आहे, १९६४ साली सुरू झालेलं. तिथलं ग्रंथालय, छायाचित्रं आणि चोपड्या हे पहिलं ठिकाण. जाण्याआधी विचारून, काय हवंय ते नेमकं लिहून न्या. 'जुन्या नट्यांबद्दल काहीही' असं म्हणालात तर तिथल्या माणसाने तरी काय काढून द्यायचं? वीरचंद धरमसी यांनी वर्षानुवर्षं खपून केलेली मूकपटांची यादी आधी पाहून घ्या. वर्ष, कंपनी, नटवर्ग यांचा सांगाडा त्यातून मिळतो, मग वर्तमानपत्रांत कुठे शोधायचं ते कळतं. मुंबईत एशियाटिक सोसायटीचं ग्रंथालय आणि दादरचं मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय. १९२७-२८ साली टी. रंगाचारियर यांच्या अध्यक्षतेखाली सरकारने सिनेमा चौकशी समिती नेमली होती. तिच्यापुढच्या साक्षी छापलेल्या आहेत. 'सुशिक्षित, चांगल्या घरच्या बायका या धंद्यात का येत नाहीत' यावर त्यात बरंच बोललं गेलंय. वाचताना राग येतो, पण नटीच्या आजूबाजूची हवा त्यातूनच कळते. पेन नेऊ नका, पेन्सिल न्या. बहुतेक जुन्या संग्रहांत शाई चालत नाही.

ऐकीव गोष्टींचं काय करायचं

प्रत्येक नटीबरोबर दोन-चार दंतकथा येतात. त्या टाकून देऊ नका, वेगळ्या पानावर लिहा आणि आकडा असेल तर गणित करून बघा.

सुलोचनेची सगळ्यांना ठाऊक असलेली कथा म्हणजे तिला महिना ५,००० रुपये मिळायचे, मुंबईच्या गव्हर्नरपेक्षा जास्त. मी ही निदान वीस ठिकाणी वाचली. मूळ शोधायच्या नादाला लागण्याआधी म्हटलं, गव्हर्नरला मिळत तरी किती होतं? ते शोधणं सोपं निघालं, कारण ते कायद्यात छापलेलं असतं. १९३५ च्या भारत सरकार कायद्याच्या परिशिष्टात मुंबईच्या गव्हर्नरचा पगार वर्षाला १,२०,००० रुपये दिला आहे. महिन्याला झाले १०,०००. सुलोचनेचे ५,००० धरले तरी वर्षाचे ६०,०००, म्हणजे बरोबर निम्मे. म्हणून मी लिहिताना पगाराचा आकडा 'सांगतात' म्हणून देते आणि गव्हर्नर गाळते. माझ्या भाच्याला हे अजिबात पटलं नाही. "मावशी, गोष्टीची मजा घालवलीस," म्हणाला. असेल. पण एका नटीचा पगार लाटसाहेबाशी तोलावा असं लोकांना वाटलं, ही गोष्ट माझ्या वहीत आहेच, फक्त दुसऱ्या पानावर.

पडद्यावर दिसलीच तर

नशिबाने तुमच्या नटीचा एखादा तुकडा उरला असेल तर तो बघताना वेगाकडे लक्ष द्या. मूकपट हाताने कॅमेरा फिरवून घेतलेले, सेकंदाला साधारण १६ ते २० चौकटी. बोलपटाचा वेग २४. जुना पट २४ ने चालवला की सगळे तुरुतुरु धावतात आणि आपण म्हणतो, काय ओव्हरअॅक्टिंग करायचे! हिशोब करून बघा. ३५ मिलिमीटरच्या एका फुटात १६ चौकटी, म्हणजे १,००० फुटांच्या रिळात १६,०००. सेकंदाला १६ ने चालवलं तर रीळ १६ मिनिटं ४० सेकंद चालतं, २४ ने चालवलं तर ११ मिनिटांत खलास. रुमालाने डोळे टिपायला तिने जे तीन सेकंद घेतले होते, त्याचे दोनच तुम्हाला दिसतात. संगणकावर वेग कमी करून बघता येतो, तसंच बघा. मी पहिल्यांदा असं पाहिलं तेव्हा तीच बाई अचानक विचार करायला लागल्यासारखी दिसली.

सीतादेवीच्या बाबतीत नशीब चांगलं आहे. हिमांशू राय आणि फ्रान्झ ऑस्टेन यांचे 'प्रेम संन्यास' (१९२५), 'शिराज' (१९२८) आणि 'अ थ्रो ऑफ डाइस' (१९२९) युरोपातल्या संग्रहांमुळे टिकले, तिन्हींत ती आहे. पुण्याच्या कंपनीचा 'दिलेर जिगर' (१९३१) सुद्धा वाचलाय, जी. पी. पवारांचा स्टंटपट. त्यातली नायिका ललिता पवार. आपल्याला ठाऊक ती खाष्ट सासू आणि मंथरा. १९४२ साली चित्रीकरणात थप्पड लागून चेहऱ्याची एक बाजू अधू झाली, त्याच्या आधीचा तो चेहरा आहे. येवल्याची अंबिका, पंधरा वर्षांची. १९३१ वजा १९१६, समासात १५ लिहिलंय मी, आणि हा लहान आकडा मात्र खरा आहे.

बोलपट आल्यावर

१९३१ नंतर कारकीर्द संपली असं झटकन लिहू नका. वही तशीच पुढे चालू ठेवा. मूकपट १९३४ पर्यंत निघत होते, शिवाय नटी एकदम नाहीशी होत नाही. सुलोचना वर्षभर थांबून हिंदुस्थानी शिकली आणि परत आली. इंपीरियलने तिचेच मूकपट पुन्हा बोलते केले. 'माधुरी', 'अनारकली', आणि त्या आठ सोंगांच्या चित्रपटाचा 'बंबई की बिल्ली'. म्हणून बोलपटाच्या पानावर मी डावीकडे मूकपटाचं साल आणि उजवीकडे बोलपटाचं असे जोड रकाने केले. पुढे भूमिका लहान होत जातात, जाहिरातीतून नाव जातं आणि फक्त नामावलीत उरतं. तिथे भूमिकेचा रकाना न चुकता भरा, कारण आता सगळी माहिती तिथेच असते.

माझ्या वहीत सुलोचनेच्या पानावर 'अनारकली' हे नाव तीनदा आलंय. १९२८, इंपीरियल, अनारकली. १९३५, इंपीरियल, अनारकली. १९५३ ला भूमिकेच्या रकान्यात जोधाबाई, सलीमची आई. त्याखाली १९७३ चा फाळके पुरस्कार आणि १९८३, मुंबई, मृत्यू. पुरस्काराची नोंद 'पडद्यामागे'मध्ये घालायची की नवा रकाना पाडायचा ते माझं अजून ठरत नाहीये.